एकाच घरावर तिसरा दावा आला तर काय करायचं? ठाणे–नवी मुंबईतल्या कुटुंबांसाठी

घणसोली गावातल्या एक मावशी माझ्याकडे आल्या, तेव्हा त्यांच्या हातात साड्यांच्या दुकानाची जुनी कापडी पिशवी होती. पिशवीत जवळपास वीस वर्षांचे कागद, आणि सगळ्यात वर आदल्या दिवशी बेलिफाने दिलेलं समन्स. "परत आयलाय," एवढंच त्या म्हणाल्या आणि पिशवी टेबलावर ठेवली.

वडिलांची जमीन सिडकोने संपादन केली, त्या बदल्यात साडेबारा टक्के योजनेत भूखंड मिळाला, गावठाणातलं घर होतंच. वडील गेल्यावर भावाने वाटपाचा दावा लावला. त्यात तडजोड झाली, हुकूमनामा (न्यायालयाचा निर्णायक लेखी आदेश) झाला, मावशींना घराचा मागचा भाग आणि भूखंडात हिस्सा ठरला. पुढे भावाने दुसरा दावा लावला, की तडजोडीवर माझी सही फसवून घेतली. तो मध्येच काढून घेतला. आता तिसरा दावा भावाच्या मुलाच्या नावाने आला होता. घर तेच, भूखंड तोच, मागणी तीच.

"एकदा कोर्टानं ठरवलं ना, मग परत दावा घेतातच कसा?" हा त्यांचा प्रश्न मी ठाण्याच्या आणि बेलापूरच्या कोर्टात जवळजवळ रोज ऐकते. उत्तर असं आहे: दावा दाखल होताना कार्यालय कोर्ट फी, मूल्यांकन, हद्द, मुदत आणि कागदांची पूर्तता बघतं. याच मालमत्तेवर पूर्वी काय निकाल झाला हे न्यायाधीशांच्या टेबलावर आपोआप येत नाही. ते आणून ठेवायचं काम ज्याच्यावर दावा झाला त्याचं. कायद्यात पुन्हा पुन्हा दावे लावण्याला भरपूर आडकाठ्या आहेत, पण त्यातली प्रत्येक कोणीतरी योग्य वेळी, योग्य कागदासह मागावी लागते. हे जमलं नाही म्हणून जिंकलेली माणसं पुन्हा दहा वर्षं तारखा करताना मी पाहिली आहेत. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

समन्स आल्यावर लगेच

समन्स घ्यायला नकार देऊ नका. "आम्ही घेतलंच नाही" म्हटल्याने दावा थांबत नाही. नकाराचा शेरा मारून ते दाराला चिकटवता येतं आणि तुम्हाला कळवलं असं धरून काम पुढे चालतं. मग एकतर्फी हुकूमनामा होतो आणि तो रद्द करून घ्यायला वेगळी धावपळ. त्याची मुदत फक्त ३० दिवसांची.

समन्सबरोबर वादपत्राची प्रत आली आहे का ते बघा. नंबर लिहून ठेवा. "रे. मु. नं." म्हणजे रेग्युलर मुकदमा, कनिष्ठ स्तराकडचा. "स्पे. मु. नं." म्हणजे वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांकडचा. निशाणी १ म्हणजे वादपत्र आणि निशाणी ५ म्हणजे बहुतेक वेळा तूर्तातूर्त मनाईचा अर्ज. नवखी माणसं वादपत्र वाचतात आणि निशाणी ५ बाजूला ठेवतात. उलट करा. निशाणी ५ वर पहिल्या एक-दोन तारखांना आदेश होऊ शकतो, आणि तो झाला की घराची दुरुस्ती, भाडेकरू, बिल्डरशी बोलणी, सगळं अडकतं.

कैफियत, म्हणजे तुमचं लेखी म्हणणं, समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत द्यायची. न्यायालय कारणं नोंदवून ती मुदत ९० दिवसांपर्यंत वाढवू शकतं. त्यानंतरही क्वचित परवानगी मिळते, पण त्या भरवशावर राहू नका. वकिलाची फी परवडत नसेल तर न्यायालयातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७ प्रमाणे स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. हे इतक्या बायकांना माहीत नसतं की प्रत्येक वेळी सांगताना मला वाईट वाटतं.

जुन्या दाव्याचे कागद गोळा करणं

सगळ्यात जास्त कष्ट इथे घ्या.

मावशींच्या पिशवीत पहिल्या दाव्याच्या निकालाची झेरॉक्स होती. तिच्यावर न्यायालयाचा शिक्का नव्हता, मधलं एक पान गायब होतं. दुसऱ्या दाव्याचं तर काहीच नव्हतं. "तो त्यांनी मागं घेतला, मग कागद कशाला ठेवायचे," असं त्यांना वाटलं होतं. खरं तर तोच कागद सगळ्यात जास्त कामाचा होता.

शोध घरबसल्या सुरू करता येतो. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा अ‍ॅपवर ठाणे जिल्हा निवडा, न्यायालय निवडा आणि पक्षकाराच्या नावाने शोधा. आडनाव इंग्रजीत तीन-चार प्रकारे लिहून बघा. म्हात्रे, पाटील, भोईर, ठाकूर या आडनावांच्या याद्या लांबलचक येतात, तेव्हा वर्ष आणि वडिलांचं नाव लावून गाळा. प्रत्येक दाव्याला १६ अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो. ठाणे जिल्ह्याचा एमएचटीएच या अक्षरांनी सुरू होतो. तो मिळाला की पुढच्या सगळ्या तारखा आणि बरेच आदेश दिसतात. संगणकपूर्व काळातले दावे तिथे सापडत नाहीत. त्यांच्यासाठी वर्ष आणि नंबर घेऊन न्यायालयाच्या रजिस्टरमध्ये आणि अभिलेख कक्षात शोध घ्यावा लागतो.

मग नक्कल अर्ज, म्हणजे शिक्क्याच्या प्रतींसाठी न्यायालयात अर्ज करा. फक्त निकालाची नक्कल मागून थांबू नका. पाच गोष्टी मागा: जुन्या दाव्याचं वादपत्र, कैफियत, काढलेले मुद्दे (न्यायालयाने ठरवलेले वादाचे प्रश्न), निकाल आणि हुकूमनामा, आणि रोजनामा. तडजोड किंवा पुरसिस (पक्षकाराने न्यायालयात दिलेलं लेखी निवेदन) असेल तर तीही. हे सगळं का, याला कारण आहे. सर्वोच्च न्यायालयाने गुरबक्ष सिंग विरुद्ध भूरालाल या १९६४ च्या निकालात सांगितलं, की आधीच्या दाव्यात मागायला हवं होतं ते मागितलं नाही असा आक्षेप घ्यायचा तर आधीचं वादपत्र पुराव्यात आणलंच पाहिजे, अंदाजाने चालणार नाही. आणि श्रीहरी हनुमानदास तोताला विरुद्ध हेमंत विठ्ठल कामत या २०२१ च्या निकालात म्हटलं, की पूर्वी निर्णय झाला आहे का हे ठरवायला आधीच्या दाव्यातली दोन्ही बाजूंची कथनं, मुद्दे आणि निर्णय बघावे लागतात. नुसता निकालाचा शेवटचा परिच्छेद दाखवून "हे ठरलंय" म्हणता येत नाही.

रोजनामा म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं याची नोंद. लोक त्याला किंमत देत नाहीत. मावशींच्या दुसऱ्या दाव्याचा रोजनामा आम्ही काढला, तेव्हा शेवटच्या तारखेची नोंद दोनच ओळींची होती: वादीतर्फे दावा काढून घेत असल्याची पुरसिस दाखल, वाचून नोंदवली, दावा निकाली. नवीन दावा लावण्याची परवानगी मागितल्याचा एक शब्द त्यात नव्हता. या दोन ओळींवर पुढचा बराच युक्तिवाद उभा राहिला.

आधीचा दावा संपला कसा?

माझ्याकडे कोणीही "पुन्हा दावा लावलाय हो" म्हणत आलं की मी हाच प्रश्न आधी विचारते. संपण्याची रीत बदलली की उपाय बदलतो.

दोन्ही बाजूंचा पुरावा होऊन गुणदोषांवर निकाल लागला असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ चं कलम ११ लागतं (पुढे नुसतं कलम किंवा आदेश-नियम लिहिलंय ते याच संहितेतलं). वकील याला रेस ज्युडिकाटा म्हणतात, मराठीत प्राङ्न्याय. तेच पक्षकार किंवा त्यांच्यामार्फत हक्क सांगणारे, तोच वादाचा मुद्दा, सक्षम न्यायालयाचा अंतिम निर्णय, एवढं जुळलं की तो मुद्दा पुन्हा चालवता येत नाही. याचा एक पुढचा पदर आहे आणि घरगुती दाव्यांत तोच सर्वात उपयोगी पडतो: आधीच्या दाव्यात जो मुद्दा घेता आला असता आणि घ्यायलाच हवा होता, तोही घेतला आणि फेटाळला गेला असंच धरलं जातं. आधी म्हणायचं "मृत्युपत्र खोटं आहे", हरल्यावर नव्या दाव्यात म्हणायचं "मालमत्ता वडिलोपार्जित होती, वडिलांना मृत्युपत्र करताच येत नव्हतं." पहिल्याच वेळी दोन्ही म्हणता आलं असतं, म्हणून दुसऱ्या वेळी दार बंद.

तडजोडीचा हुकूमनामा झाला असेल, तर तो बेकायदा आहे म्हणून वेगळा दावा लावताच येत नाही. आदेश २३ नियम ३-अ तेच सांगतो. फसवणूक झाली असं कोणाला वाटत असेल तर ज्या न्यायालयाने तडजोड नोंदवली तिथेच अर्ज करायचा. मावशींच्या भावाचा दुसरा दावा खरं तर इथेच अडायला हवा होता. पण तेव्हा कोणी ते न्यायालयाच्या नजरेस आणलं नाही, आणि दावा चार वर्षं चालला.

पुरसिस देऊन दावा काढून घेतला असेल, तर नवीन दावा लावण्याची परवानगी घेतली होती का ते बघा. आदेश २३ नियम १ प्रमाणे परवानगीशिवाय मागे घेतलेल्या विषयावर त्याच वादीला पुन्हा दावा लावता येत नाही.

आणि गैरहजेरीत फेटाळला असेल तर? इथे बारकाईने बघा. त्या तारखेला वादी गैरहजर आणि प्रतिवादी हजर, अशी नोंद रोजनाम्यात असेल, तर आदेश ९ नियम ९ मुळे त्याच कारणावर नवा दावा लावायला मनाई आहे. वादीने ३० दिवसांत जुनाच दावा पुन्हा सुरू करण्याचा अर्ज करायचा असतो. पण दोघंही गैरहजर असतील, तर मुदतीत असलेला नवा दावा लावता येतो. म्हणजे त्या एका दिवशी तुम्ही न्यायालयात उभे होता की नव्हता, यावर पुढची दहा वर्षं ठरू शकतात. म्हणून मी पक्षकारांना सांगते, समोरचा येवो न येवो, तुमचा पुकारा होईल तेव्हा तुम्ही किंवा तुमचा वकील तिथे असलाच पाहिजे.

वादपत्रच नामंजूर झालं असेल, समजा कोर्ट फी कमी भरली म्हणून, तर दोष दूर करून नवं वादपत्र आणायला आडकाठी नाही. आणि आधीचा दावा अजून चालूच असेल, तर कलम १० खाली नंतरच्या दाव्याची सुनावणी थांबवून मागा. दोन्ही दावे वेगळ्या न्यायाधीशांकडे असतील तर एकत्र चालवण्यासाठी जिल्हा न्यायालयाकडे कलम २४ खाली बदलीचा अर्ज करता येतो.

वाटपाच्या दाव्याबद्दल एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. मालमत्ता एकत्र आहे तोवर वाटप मागण्याचा हक्क जिवंत राहतो. म्हणून प्रत्यक्ष वाटप किंवा हिश्शांचा निर्णय न होता आधीचा दावा नुसता काढून घेतला किंवा गैरहजेरीत गेला असेल, तर "आता वाटप कधीच मागता येणार नाही" असं म्हणता येत नाही. समोरच्याची ही बाजू तुमच्या वकिलाला आधीच सांगा. मावशींच्या बाबतीत पहिल्या दाव्यात हिस्से ठरले होते, हाच मोठा फरक.

मग भावाच्या मुलाचं काय? त्याचा हक्क बापातूनच येत असेल, किंवा बापाने कुटुंबाच्या त्या शाखेचा प्रमुख म्हणून सगळ्यांच्या वतीने आधीचा दावा चांगल्या हेतूने लढवला असेल, तर बापावर बंधनकारक ते मुलावरही. तो जन्माने मिळालेला स्वतंत्र हक्क सांगत असेल, तर मालमत्ता खरंच वडिलोपार्जित होती का याचा पुरावा त्याला द्यावा लागतो. दावेदाराचं नाव बदलून तीच लढाई पुन्हा उभी करणं नवीन नाही. टी. अरिवंदनम विरुद्ध टी. व्ही. सत्यपाल या १९७७ च्या प्रकरणात बापाविरुद्ध घर रिकामं करण्याचा हुकूम कायम झाल्यावर मुलाने दावा लावला होता. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी खालच्या न्यायालयांना बजावलं, की चतुर शब्दरचनेने दाव्याचं कारण असल्याचा आभास केला असेल तर तो पहिल्याच सुनावणीत खुडून टाका.

काय, कधी मागायचं

आदेश ७ नियम ११ खाली वादपत्र नामंजूर करण्याचा अर्ज हा सगळ्यांना पहिला सुचतो. तो दरवेळी चालत नाही. या अर्जात न्यायालय फक्त वादपत्र आणि त्याच्यासोबतचे कागद बघतं, तुमची कैफियत नाही. तडजोडीच्या हुकूमनाम्याला आव्हान, उघड मुदतबाह्य मागणी अशा गोष्टी वादपत्रातूनच दिसत असतील तर अर्ज जरूर करा. पण प्राङ्न्यायाचा मुद्दा जुने कागद तपासल्याशिवाय ठरत नाही, आणि तोताला निकालानंतर तेवढ्यावर अर्ज टिकणं कठीण. फेटाळला गेला तर समोरच्याला उगाच बळ मिळतं आणि वर्ष जातं.

म्हणून माझी पद्धत अशी. कैफियतीत पहिल्याच परिच्छेदात आधीचे सगळे दावे नंबर, न्यायालय, तारीख आणि निकाल यांसह लिहायचे. मुद्दे काढताना "हा दावा प्राङ्न्यायाने बाधित आहे काय" असा वेगळा मुद्दा मागायचा. तो फक्त कायद्याचा असेल तर आदेश १४ नियम २ खाली आधी ठरवावा अशी विनंती करायची. जुने वकील इथे कलम ९-अ चं नाव घेतात. हद्दीचा मुद्दा आधी ठरवण्यासाठी महाराष्ट्राने संहितेत घातलेलं ते कलम २०१८ मध्ये वगळलं गेलं, त्यावर विसंबू नका.

निशाणी ५ ला उत्तर देताना जुन्या दाव्यांच्या नकला लगेच जोडा. वादीने आधीचे दावे लपवले असतील तर ते ठळकपणे सांगा. एस. पी. चेंगलवराय नायडू विरुद्ध जगन्नाथ या १९९३ च्या निकालात वादीने वाटपाच्या दाव्यात स्वतःच करून दिलेलं हक्कसोड पत्र लपवलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने त्याला न्यायालयाशी केलेली फसवणूक म्हटलं. एकतर्फी मनाई मिळाली असेल आणि ती जाणूनबुजून खोटं किंवा दिशाभूल करणारं सांगून घेतली असेल, तर आदेश ३९ नियम ४ खाली ती उठवून मागता येते. यात उशीर करू नका.

पुढचा दावा येणार असं वाटतंय?

कॅव्हिएट दाखल करा. कलम १४८-अ खाली हा साधा अर्ज असतो: अमुक माणूस अमुक मालमत्तेबद्दल मनाई मागणार आहे, मला ऐकल्याशिवाय आदेश करू नये. त्याची सूचना त्या माणसाला रजिस्टर पोचपावती टपालाने पाठवायची आणि पावती जपायची. कॅव्हिएट ९० दिवस टिकतं. मुदत संपायच्या आधी नवं टाका, कॅलेंडरवर खूण करून ठेवा. मालमत्ता जिथे आहे तिथेच दावा लागतो, म्हणून ऐरोली-घणसोलीचं घर असेल तर बेलापूरला, नौपाड्यातलं असेल तर ठाण्याला, मूल्यांकनाप्रमाणे कुठल्या स्तरावर दावा जाईल ते वकिलाला विचारून. शंका असेल तर दोन्ही स्तरांवर टाका. भाऊ आणि त्याचा मुलगा दोघांचीही नावं घाला. एकाचं नाव राहिलं की दुसऱ्याच्या नावाने दावा येतो.

नौपाडा, पाचपाखाडी भागात जुन्या इमारती पुनर्विकासाला निघाल्या की हा धोका हमखास वाढतो. करारावर सह्या व्हायच्या आठवड्यात कुठला तरी चुलत भाऊ वाटपाचा दावा घेऊन उभा राहतो, कारण तेव्हा अडवण्याची किंमत सर्वात जास्त असते. पुनर्विकासाची पहिली बैठक झाली की कॅव्हिएट टाका.

ज्याला पुन्हा दावा म्हणत नाहीत

समोरच्याने अपील केलं म्हणून चिडू नका. पहिलं अपील हा हक्क आहे. जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस अशी मुदत असते. दुसरं अपील कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावरच चालतं.

वाटपाच्या दाव्यात आधी प्राथमिक हुकूमनामा होतो, हिस्से ठरतात. मग प्रत्यक्ष सरस-निरस, म्हणजे जागेची चांगली-वाईट प्रत बघून, वाटप. घर असेल तर न्यायालय कमिशनर नेमतं, शेतसारा भरायची जमीन असेल तर काम जिल्हाधिकाऱ्यांकडे जातं. हे सगळं त्याच दाव्याचं पुढचं पाऊल, नवा दावा नव्हे. २०२२ मध्ये कट्टुकंडी एडथिल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की प्राथमिक हुकूमनाम्यानंतर न्यायालयांनी स्वतःहून अंतिम हुकूमनाम्याकडे जावं, वेगळ्या अर्जाची वाट बघू नये. माझ्या अनुभवात बहुतेक "पुन्हा दावे" इथेच जन्माला येतात. हिस्से कागदावर ठरतात, भिंत कोणी घालत नाही, आणि दहा वर्षांनी पुढची पिढी नव्याने भांडायला उभी राहते.

दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत, हरलेल्याची बायको किंवा मुलगा "हे घर माझं" म्हणून अडवत असेल, तर तो प्रश्न त्या दरखास्तीतच ठरतो. त्यासाठी वेगळा दावा चालत नाही. ताब्याची दरखास्त १२ वर्षांच्या आत करावी लागते हे विसरू नका.

आणि मुलींचा प्रश्न. विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा हा निकाल ११ ऑगस्ट २०२० चा. मुलगी जन्मापासून सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित मालमत्तेत मुलासारखीच हिस्सेदार आहे, हिंदू उत्तराधिकार कायद्यातली दुरुस्ती लागू झाली त्या ९ सप्टेंबर २००५ ला वडील हयात असण्याची गरज नाही. अंतिम हुकूमनामा व्हायचा असेल तर चालू दाव्यातच तिचा हिस्सा वाढवून घेता येतो. बहीण असा अर्ज घेऊन आली तर "जुनंच उकरून काढते" म्हणू नका, तो तिचा कायद्याने आलेला हक्क आहे. मात्र २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा न्यायालयाच्या हुकूमनाम्याने झालेलं वाटप त्यामुळे उघडत नाही.

तलाठी आणि सिडको

दिवाणी न्यायालयात हरलेला माणूस बऱ्याचदा फेरफारावर हरकत घेतो, मग प्रांताकडे अपील. फेरफार मालकी देत नाही आणि काढूनही घेत नाही, ती महसुलाची नोंद आहे. तिथे हुकूमनाम्याची नक्कल द्या आणि शांतपणे सुनावणीला हजर राहा. सिडकोच्या भूखंडासाठी बहुतेक घरांनी १८२७ च्या मुंबई रेग्युलेशन ८ खाली वारस दाखला काढलेला असतो. तो संक्षिप्त चौकशीवर मिळतो, मालकी अंतिमपणे ठरवत नाही. वारसांच्या यादीतून बहिणींची नावं गाळली गेली असतील, तर त्यांचा दावा हा पुन्हा दावा नव्हे, पहिलाच दावा आहे. सिडको आणि बिल्डरशी त्रिपक्षीय करारनामा होण्याआधी हे मिटवलं नाही तर इमारत उभी राहिल्यावर त्यातल्या प्रत्येक सदनिकाधारकाच्या गळ्यात तो दावा पडतो. म्हणून दावा सुरू असेल तर त्याची सूचना दुय्यम निबंधकाकडे नोंदवून घ्या. घेणाऱ्यालाही कळतं आणि समोरच्याला परस्पर विकणं जड जातं.

त्रास देण्यासाठीच दावे लावत असेल तर

खर्च मागा, आणि लेखी मागा. कलम ३५-अ खाली खोट्या दाव्यासाठी मिळणारी भरपाई जास्तीत जास्त ३,००० रुपये, म्हणून कोणी त्याला घाबरत नाही. अपुऱ्या कारणावर मनाई घेतल्याबद्दल कलम ९५ खाली ५०,००० रुपयांपर्यंत मिळू शकते. रामरामेश्वरी देवी विरुद्ध निर्मला देवी या २०११ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने वास्तव खर्च लावण्याचा आग्रह धरला आहे, तो वकिलाला दाखवायला सांगा. त्यासाठी वकिलाची फी, नकलांचा खर्च, बुडालेली रोजंदारी यांचा हिशेब ठेवावा लागतो. मावशींनी कॅलेंडरच्या मागे तारखा लिहिल्या होत्या, तेवढ्यानेही मदत झाली.

शपथेवर धडधडीत खोटं सांगितलं असेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३७९ खाली न्यायालयाकडे चौकशीचा अर्ज करता येतो. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ३४० ते हेच. रागाच्या भरात करू नका, कागदाने सिद्ध होणाऱ्या खोट्यापुरताच करा.

आणि शेवटचं हत्यार: महाराष्ट्राचा त्रासदायक दाव्यांना प्रतिबंध करणारा १९७१ चा अधिनियम. एखादा माणूस सवयीने, योग्य कारण नसताना दिवाणी किंवा फौजदारी प्रकरणं लावत सुटला असेल, तर महाधिवक्त्यांच्या (राज्य सरकारच्या मुख्य वकिलांच्या) अर्जावरून उच्च न्यायालय त्याचं म्हणणं ऐकून तसा आदेश करू शकतं. मग त्याला बृहन्मुंबईत उच्च न्यायालयाच्या आणि इतरत्र, म्हणजे आपल्या ठाण्यात, जिल्हा व सत्र न्यायाधीशांच्या परवानगीशिवाय नवं प्रकरण लावता येत नाही. तुम्ही थेट अर्ज करू शकत नाही, महाधिवक्त्यांकडे सगळ्या प्रकरणांचा तक्ता आणि नकला घेऊन विनंती करावी लागते. दोन-तीन दाव्यांसाठी हे होत नाही, सवय दिसावी लागते. तरी तक्ता आजपासून करायला घ्या: दाव्याचा नंबर, कोणी लावला, काय मागितलं, कसा संपला.

तडजोड करायची असेल तर

लोकअदालतीत झालेल्या निवाड्यावर अपील नाही आणि कोर्ट फी परत मिळते. म्हणून तो मार्ग चांगला, पण मसुदा घाईत करू नका. प्रत्येक मालमत्तेचं वर्णन सर्व्हे नंबर, घर क्रमांक, चतुःसीमा यांसह लिहा. दाव्यात नसलेली मालमत्ता तडजोडीत घेतली तर नोंदणी लागेल का ते आधी विचारा. सगळ्या शाखांच्या सज्ञान मुलामुलींच्या सह्या घ्या, अज्ञान पक्षकार असेल तर न्यायालयाची वेगळी परवानगी लागते. ज्या कोणाला वाचता येत नाही, त्याला मराठीत वाचून दाखवल्याची नोंद करा. भावाच्या दुसऱ्या दाव्याचं सगळं बळ या एका न केलेल्या नोंदीत होतं.

आणि तडजोड झाल्यावर अंमल करा. मावशींच्या हुकूमनाम्यात घराचा मागचा भाग त्यांचा असं लिहिलं होतं, पण मालमत्ता कराच्या बिलावर एकट्या भावाचं नाव राहिलं होतं. सिडकोच्या कागदावरही त्यांचं नाव लागलं नव्हतं. पुतण्याच्या वादपत्रात तेच बिल पहिला पुरावा म्हणून जोडलं होतं. कैफियत दिल्यावर त्या आठवड्यात आम्ही हुकूमनाम्याची शिक्क्याची नक्कल घेऊन आधी महापालिकेत गेलो, मग बेलापूरच्या सिडको भवनात. दोन्हीकडे अर्जाची पोच घेतली. मावशींनी पोच नीट घडी घालून त्याच पिशवीत ठेवली, या वेळी प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये, आणि दाव्याची पुढची तारीख वरच्या कागदावर मोठ्या अक्षरात लिहून घेतली.